केवळराम पायी काऊन हिंडते?

गावाचं नाव मी सांगणार नाही. सांगितलं आणि तिकडं कोणाच्या कानावर गेलं, तर उद्या सकाळी तिथली माणसं शीळ घालत तुमच्या दारात येतील, गोठ्यात डोकावतील आणि चहाही न घेता निघून जातील. एवढंच सांगतो, की सडक अर्जुनीला महामार्ग सोडून आत वळलं की धानाच्या बांध्या, म्हणजे भाताची खाचरं, लागतात, मग एक मोठा तलाव लागतो, आणि तलावाच्या पाळीखाली ते गाव आहे.

तो तलाव केवळरामच्या पूर्वजांनी बांधला. कोहळी माणसं ती, कुठं उतार दिसला की तिथं पाळ घातल्याशिवाय त्यांना झोप येत नसे. केवळरामचा बाप दुधराम सकाळ-संध्याकाळ पाळीवरून फिरायचा. कुठं उंदरानं बीळ पाडलं, कुठं पाणी पाझरतं, हे पायाला कळतं म्हणायचा. मेला तोही पाळीवरच, हातात फावडं घेऊन, उभ्या उभ्या. गावात अजून लोक सांगतात, दुधराम पडला तेव्हा आधी फावडं पडलं.

केवळराम त्याच बापाचा पोरगा. तरुणपणी चिखलणीच्या दिवसांत उजाडायच्या आत बैल जुंपायचा, ते दिवस बुडेपर्यंत गुडघाभर चिखलात. न्याहारीला रात्रीचा भात, वर लाखोरीच्या डाळीचं वरण, एखादा कांदा. भात घरच्या लुचई धानाचा, ढेकीवर कांडलेला, तांबूस. कुंदाबाई लग्न होऊन घरात आली तेव्हा सासूनं तिला एक जर्मनचा गंज, म्हणजे मोठं पातेलं, दाखवला आणि सांगितलं, हा तुझ्या नवऱ्याचा. गंज भरून भात शिजवायचा आणि तो पुरा संपला तर समजायचं की माणूस बरा आहे. कुंदाबाईनं ते जन्माचं ध्यानात ठेवलं.

बैलांची जोडी होती, त्यात चांद्यावर केवळरामचा भारी जीव. कपाळावर पांढरा चांद, डावं शिंग खाली वाकलेलं, उजव्या कानाला खाच. केवळराम त्याला एक शीळ घालायचा, आधी खालची आणि मग एकदम वर जाणारी. ती ऐकली की चांद्या असेल तिथून वळायचा. बांधीत, तलावात, दुसऱ्याच्या लाखोरीत तोंड घातलेलं असलं तरी वळायचा.

१९९९ साली जोडीतला दुसरा बैल साप चावून मेला. एकटा बैल काय कामाचा? त्याच साली गावातला पहिला ट्रॅक्टर केवळरामच्या दारात आला, हार घालून, नारळ फोडून. चांद्या देवरीकडच्या एका माणसाला विकला. तो माणूस न्यायला आला तेव्हा केवळरामच्यानं दावं सुटेना. चुलतभाऊ कवडूनं पुढं होऊन दोर त्या माणसाच्या हातात दिला. चांद्या काही केल्या पाऊल उचलेना, दाराकडं बघत उभा राहिला. आणि केवळराम काय करत होता? आत जाऊन बसला होता. शीळ घालायची हिंमत झाली नाही, बाहेर यायची झाली नाही. बैल गेला तरी तो बसूनच होता.

ती त्याची पहिली बैठक. त्यानंतर तो म्हणावा तसा उठलाच नाही.

ट्रॅक्टरवर ड्रायव्हर ठेवला. शेतावर जायला मोटारसायकल आली. मोबाइल आला तेव्हा शेतावर जाणंही सुटलं, इथून फोनवर ड्रायव्हरला शिव्या घातल्या की झालं. गावातला पहिला संडास याच्याच घरी बांधला गेला, म्हणजे सकाळचं तेवढं चालायचं तेही मिटलं. काम गेलं, पण गंज तोच राहिला बरं का. उलट ढेकी जाऊन गिरणीचा तांदूळ आला, पांढराशुभ्र, घशाखाली कधी उतरला ते कळू नये असा. मधल्या वेळात चौकातले पोहे-तर्री, आलुबोंडा, ओठाखाली तंबाखू-सुपारीचा खर्रा आणि दर घरी चहा. आमच्याकडचा चहा, त्यात साखर आधी आणि पाणी मागून.

पोट सुटलं तेव्हा सगळ्यांना आनंद झाला. केवळरामभाऊची तब्येत बनली म्हणाले. लग्नात पुढची खुर्ची मिळू लागली. बरं, एकटा तोच होता असं नाही. सरपंच बकाराम घरून ग्रामपंचायतीत मोटारसायकलनं जायचा, आणि घर आणि ग्रामपंचायत यांच्यात फक्त एक चिंचेचं झाड होतं. गाडी काढून वळवेपर्यंत माणूस दोनदा जाऊन आला असता, पण सरपंचानं पायी जावं होय? उभ्यानं जगणारं अख्खं गाव दहा वर्षांत बसलं.

सगळ्यात आधी कायमचा बसला तो कवडू. आधी अंगठा गेला, मग पाऊल, मग गुडघ्याखालचा पाय. शुगर. त्याच्या घरच्यांनी चौकात दाराशी निळी प्लास्टिकची खुर्ची टाकली आणि त्यात त्याला ठेवला. येणाऱ्या-जाणाऱ्याला तो दोनच शब्द म्हणायचा, "ये, बस." माणूस गोड, त्यामुळे लोक बसायचे. केवळरामही तासन्‌तास बसायचा, आणि बसल्या जागी दोघांना चहा यायचा.

मग २०१०च्या पावसाळ्यात केवळरामच्या अंगठ्यात बाभळीचा काटा रुतला. आणि गंमत बघा, त्याला कळलंच नाही. शेणानं सारवलेल्या जमिनीवर रक्ताचे ठिपके पाहून कुंदाबाईनं बोंब मारली तेव्हा त्यानं पायाकडं बघितलं. बापाला पायानं पाळीतलं उंदराचं बीळ कळायचं आणि याला पायातला काटा कळेना. जखम भरता भरता दिवाळी आली.

गोंदियाचा डॉक्टर हिंदी बोलणारा. पट्टी सोडून, पाय उलटासुलटा करून तो म्हणाला, "अंगूठा इस बार बच गया. शुगर ऐसी ही रही तो अगली बार नहीं बचेगा, और बात अंगूठे पर रुकेगी भी नहीं. भात आधा करो, और रोज़ चलो."

केवळरामनं विचारलं, कुठपर्यंत चालायचं. डॉक्टर म्हणाला, कुठंही नाही, फक्त चालायचं. पण जायचं कुठं? कहीं नहीं, असं पुन्हा सांगून डॉक्टरनं महाशिवरात्रीच्या सुमारास दाखवायला या म्हटलं आणि पुढचा पेशंट बोलावला. केवळराम बाहेर आला तो चक्रावूनच. कुठंच जायचं नाही आणि तरी चालायचं, असं काम त्यानं आयुष्यात ऐकलं नव्हतं. पण परतीच्या वाटेवर त्याला निळी खुर्ची दिसू लागली. कवडूच्या शेजारी दुसरी निळी खुर्ची, आणि दोघं मिळून येणाऱ्याला म्हणताहेत, ये, बस. दुधरामचा पोरगा पाळीवर खुर्चीतून जाणार?

नागपूरला शिकणाऱ्या हिमांशुनं बापासाठी पांढरे बूट आणले. कुंदाबाईचं म्हणणं एकच होतं, "हिंडा बापा, पन कोनाले दिसू नका."

आता गावात न दिसता हिंडायचं कसं, हे तिनं सांगितलं नाही.

पहिल्या दिवशी उजाडता उजाडता तो निघाला. पांढरे बूट, झपाझप चाल. शेजारची शामकला अंगणात सडा टाकत होती, तिनं पाहिलं आणि हातातली बादली ठेवून विचारलं, कोण गेलं? कारण आमच्याकडं एवढ्या सकाळी एवढ्या घाईनं माणूस पायी जातो तो मयतीच्या निरोपालाच. केवळराम म्हणाला, कोणी नाही. तिला वाटलं, जवळचं कोणी असणार, धक्क्यानं सांगवत नाही. तो पाळीपर्यंत पोचेतो त्याच्या घरी चार बाया डोक्यावरून पदर घेऊन येऊन बसल्या होत्या, आणि कुंदाबाई प्रत्येकीला सांगत होती की आमच्या घरचे सगळे जिवंत आहेत.

दुसऱ्या दिवशी त्यानं वाट बदलली, तर उघड्यावर बसणाऱ्यांना पकडणारं सरकारी पथक समोर. पहाटेचे मफलर, शिट्ट्या. केवळराम कळवळून सांगतो आहे की गावातला पहिला संडास माझ्याच घरी आहे, मी नुसता चालतो आहे. नुसता? त्यांनी एकमेकांकडं पाहिलं. असली सबब त्यांनीही पहिल्यांदाच ऐकली होती. त्यांनी त्याला गुलाबाचं फूल दिलं, टाळ्या वाजवल्या आणि पुन्हा असं करणार नाही अशी शपथ घ्यायला लावली. पुन्हा चालणार नाही अशी शपथ घेऊन, हातात गुलाब घेऊन केवळराम घरी आला. कुंदाबाईनं फूल पाहिलं आणि दिवसभर बोलली नाही.

मग गाड्या सुरू झाल्या. पायी जाणाऱ्या ओळखीच्या माणसाला गाडीवर न घेणं म्हणजे आमच्याकडं उघड भांडण. आणि घेतो म्हटल्यावर न बसणं त्याहून मोठं. मास्तर शाळेची वाट सोडून त्याला घरी पोचवायचे. दूधवाला कॅन मागं सरकवून जागा करायचा. बकाराम तर याला बघितल्यावर गाडीवरून उतरायचाच आणि मागं बसवून सरळ आपल्या घरी न्यायचा, चहाला. चालायला निघालेला केवळराम रोज पाच-सहा जणांच्या मागे बसून, पाच-सहा कप चहा पिऊन घरी यायचा. आधी नुसता बसला असता तर एवढी साखर पोटात गेली नसती.

त्यात गावभर बोलणं. केवळराम पायी काऊन हिंडते? कोणी म्हणालं गाडी विकली. कोणी म्हणालं बायको घरात घेत नाही. गुलाबाची गोष्ट फुटली तेव्हा तिसरंच काही निघालं. आणि शुगरचं खरं कारण सांगायची सोय नव्हती, कारण आमच्याकडं शुगर झाली म्हणजे माणूस अर्धा मेला असं धरतात आणि उरलेल्या अर्ध्याला भेटायला जिलबी घेऊन येतात. पाणवठ्यावर बायांनी कुंदाबाईला विचारलं, काय बाई, घरात उपाशी ठेवतेस का? तिनं त्या दिवशी गंज शीग लावून भरला. दिवाळीनंतरचा तो सगळा महिना असाच गेला आणि शुगर तिळभर हलली नाही.

शेवटी एका सकाळी रत्नपालनं त्याला पाळीच्या वळणावर गाठलं. रत्नपाल म्हणजे याचा लहानपणचा दोस्त, बौद्ध मोहल्ल्यातला, सोसायटीत कारकून. एका खुर्चीवर वीस वर्षं बसून त्याचीही पँट आता पोटाखाली बांधावी लागे. त्यानं गाडी आडवी लावली आणि म्हणाला, "खरं सांग बे. कायले हिंडून रायला तू?"

केवळरामनं तोंड उघडलं. मग आपोआप निघालं, "बैल हरवला."

बोलला मात्र, आणि चमत्कार झाला. रत्नपालनं चटकन गाडी बाजूला घेतली. बस म्हणाला नाही, चहाचं काढलं नाही. बैल हरवलेल्या माणसाला अडवत नाहीत, आणि हरवलेला बैल काही गाडीवर बसून सापडत नाही. त्यानं फक्त विचारलं, तुझ्याकडं बैल कधी आला? केवळराम म्हणाला, बाजारातून नुकताच घेतला, शंकरपटाच्या शर्यतीत पळवायला, आणि घरी आणताना वाटेतच दावं तोडून पळाला. रत्नपालला हे एकदम पटलं. पन्नाशी उलटलेला माणूस तब्येतीसाठी चालतो हे गावात कोणाला पटलं नसतं. पण पन्नाशी उलटून त्याला पटाचा नाद लागला, यात काहीच नवल नव्हतं.

दिसतो कसा बैल? हेही विचारलं रत्नपालनं. आणि केवळरामच्या तोंडून एकच बैल निघू शकत होता. कपाळावर चांद, डावं शिंग वाकलेलं, उजव्या कानाला खाच, आणि शीळ घातली की वळतो. रत्नपालनं चांद्याचं नाव काढलं नाही, शीळ ऐकून घेतली, घोकली आणि गेला.

केवळराम त्या दिवशी तलावाला पूर्ण वळसा घालून आला. कोणी हटकलं नाही. घरी येऊन त्यानं कुंदाबाईला आनंदानं सांगितलं, बैल हरवला. ती म्हणाली, कोणता बैल? तो म्हणाला, नाहीच आहे, म्हणून तर. तिनं कपाळाला हात लावला.

पण गावाची रीत याच्या ध्यानातच राहिली नव्हती. कोणाचं जनावर हरवलं तर घरटी एक माणूस शोधायला निघतो. दुसऱ्या दिवशी उजाडताना केवळराम बूट घालून दारात आला तर अंगणात गाव उभं. रत्नपाल, बकाराम, मास्तर, पानठेल्यावरचा पोऱ्या, आणि वर्षानुवर्षं चौकातून न हललेली मंडळी, हातात काठ्या घेऊन. धान कापून झालं होतं, सगळे रिकामेच होते. केवळरामला वाटलं, धरणी फाटावी. पण बकारामनं तोवर वाटण्या पाडल्या, कोणी जंगलाकडं, कोणी नाल्यानं, कोणी महामार्गाकडं. आणि गाव निघालं, ती शीळ घालत. आधी खालची, मग वर जाणारी. कोणाची नीट निघायची, कोणाची नुसती हवा. नाल्यापलीकडच्या गावात लोक घाबरले, त्यांना वाटलं कसलं तरी आंदोलन आहे.

आता तुम्ही म्हणाल, दोन-चार दिवस शोधतील आणि कंटाळतील. तसं झालं नाही. रोज सकाळी अंगण भरायचं. सापडला का? नाही सापडला. मग चला. उलट माणसं वाढली. बाया निघाल्या, शामकला सगळ्यांत पुढं. शोधाला जाताना भात काही फडक्यात बांधता येत नाही, म्हणून घराघरांत चून-भाकर होऊ लागली. जंगलात खर्रा संपला की मिळत नाही, म्हणून तोही कमी झाला. बकाराम एके दिवशी ग्रामपंचायतीत चक्क पायी आला आणि शिपायानं त्याला ओळखलं नाही. केवळरामला रोज वाटायचं, आज खरं सांगून टाकू. पण आज अंगठ्याला जमिनीचा गारवा थोडा कळला, असंही रोज वाटायचं. मग तो जीभ चावायचा आणि बूट बांधायचा.

संक्रांतीनंतर उपकेंद्राच्या अल्का सिस्टर शुगर तपासायला गावात आल्या. एकामागोमाग एक सगळ्यांचे आकडे खाली. अल्काबाई अनुभवी बाई, कोणत्याही गावाची शुगर अशी आपोआप उतरत नाही हे त्यांना पक्कं माहीत. कोणती गोळी घेता म्हणून विचारलं. कोणतीच नाही. जडीबुटीवाला आला होता का? नाही. मग काय करता सगळे? बैल शोधतो, असं सांगितलं गेलं. अल्काबाईंनी मशीन झटकून पाहिली, सेल बदलले आणि बिघडली म्हणून दुरुस्तीला पाठवून दिली.

त्याच संध्याकाळी केवळराम चौकातून जात होता तेव्हा कवडूनं हाक मारली. "ये, बस" नाही म्हणाला. जवळ बोलावलं, आणि खाली मान घालून, फक्त त्याला ऐकू जाईल असं बोलला.

"चांद्या तू इकला होता, केवळ्या. दोर म्याच देल्ला त्या मानसाच्या हातात. आज कुटून हरवून रायला तो?"

कवडूनं नसलेल्या पायाकडच्या धोतराच्या टोकाला गाठ मारलेली होती, ती तो उगीच घट्ट करत राहिला. मग म्हणाला, "मले कोनी असा बैल सांगतला असता त पाय असता माहा. शोध तू. पन सापडू नको देऊ."

केवळरामला रडू आलं. तो तिथं बसला नाही, उभा राहूनच रडला.

आणि शिवरात्र तोंडावर आलेली असताना बैल सापडला.

शोधला कुंदाबाईचा भाऊ टेकचंद यानं. त्याचा महामार्गावर धाबा. भाऊजींचा बैल हरवल्याचं कळल्यापासून तो येणाऱ्या प्रत्येक ट्रकवाल्याला शिंग-कान-चांद सांगत होता. रायपूरपासून नागपूरपर्यंत ड्रायव्हर लोक त्या बैलावर नजर ठेवून होते. आणि देवरीकडच्या एका खेड्यात, एका म्हाताऱ्याच्या दारात, अगदी तसा बैल निघाला. म्हाताऱ्याला तो पोसवत नव्हता, त्यानं हसत देऊन टाकला. टेकचंदनं त्याला छोटा हत्ती म्हणतात त्या टेम्पोत चढवलं, वर झेंडू बांधले, शेजारी जिलबीची टोपली आणि बुंदीचे डबे ठेवले आणि हॉर्न वाजवत गावात आणला. म्हणजे पाहा, गावचा बैल, तोही गाडीत बसूनच आला.

अख्खं गाव चौकात जमलं. टेकचंदला वाटलं होतं खांद्यावर घेतील. पण कोणी हललं नाही. लोक बैलाकडं बघत होते आणि एकेकाचं तोंड उतरत होतं. पहिला बोलला तो कवडू, खुर्चीतून. "हा तो बैल नोहे."

ते ऐकून सगळ्यांना धीर आला. मास्तरांनी चष्मा पुसून बघितलं आणि म्हणाले, वर्णनात चांद होता, हा ठिपका आहे. शामकला म्हणाली, शिंग वाकलेलं म्हणजे एवढं वाकलेलं नाही. बकाराम म्हणाला, पटाचा बैल असा म्हातारा असतो का कुठं, याला तर उभं राहवत नाही. रत्नपालनं तर कानातली खाच हातानं चाचपली आणि शांतपणे म्हणाला, खाच दिसत नाही मला. टेकचंद वेड्यासारखा एकेकाकडं बघत राहिला. मग त्याचा पारा चढला. तो म्हणाला, "भाऊजी, तुमी शीळ घाला. तुमचा असंल त वळंल, नसंल त नेतो वापस. उद्याच्या बाजारात कसायाले देतो."

केवळराम पुढं आला आणि त्यानं बैल पाहिला. फासळ्या वर आलेल्या, खांद्यावर जुवाचे घट्टे, डोळ्यांत पाणी साचलेलं. चांद्याच होता तो. देवरीकडच्या माणसानं बारा वर्षं त्याच्याकडून काम घेतलं होतं, आणि हा इथं त्याच बारा वर्षांत बसून फुगला होता.

सगळं गाव केवळरामच्या ओठांकडं बघत होतं. शीळ थोडी वाकडी घातली तर झालं. बैल वळणार नाही, उद्या सकाळी अंगण भरेल, पाय वाचेल. नीट घातली तर आज जिलबी, बुंदी, उद्यापासून गाड्या आणि चहा, आणि मग कवडूच्या शेजारची खुर्ची. कवडू मान हलवून नको नको म्हणत होता. एकदा हा दाराकडं बघत उभा राहिला होता आणि आपण आत बसून राहिलो. आता आपल्या पायासाठी पुन्हा तेच करायचं? त्याला स्वतःची इतकी शरम वाटली की पुढचा विचार त्यानं केलाच नाही. त्यानं शीळ घातली, आधी खालची आणि मग वर जाणारी, नीट.

चांद्यानं मान वळवली. मग गाडीतून उतरायला त्याला जरा वेळ लागला, गुडघे धरलेले होते. पण उतरला, गर्दीतून वाट काढत आला आणि केवळरामचा हात चाटू लागला.

"माहाच आहे," केवळराम म्हणाला.

गावावर अशी अवकळा पसरली की विचारू नका. जिलब्या वाटल्या गेल्या. लोकांनी त्या बसून खाल्ल्या, मान खाली घालून. कोणीतरी कवडूशेजारी खुर्च्या आणून टाकल्या. मोटारसायकली बाहेर निघाल्या. कुंदाबाईनं भावासाठी गंज भरला, आणि केवळरामच्या ताटात भात वाढताना तिचा हात पहिल्यांदा अडखळला, पण सापडला बैल तर वाढायला नको? तिनं वाढला. त्यानं निम्मा चांद्याला नेऊन घातला.

दुसऱ्या दिवशी उजाडलं. केवळराम बूट न घालता ओसरीवर बसला होता. अंगण रिकामं होतं. इतक्या दिवसांनी ते रिकामं बघून त्याला वाटलं, आता संपलं. तेवढ्यात फाटक वाजलं.

रत्नपाल उभा होता. गाडी नव्हती. पायांत कोरे करकरीत पांढरे बूट. केवळरामनं आधी बूट बघितले, मग त्याचं तोंड. वीस वर्षं खुर्चीवर बसणाऱ्या माणसाच्या तोंडावर जी भीती होती ती केवळरामनं ओळखली, कारण तीच घेऊन तो दिवाळीत गोंदियाहून परतला होता.

"माही म्हैस हरवली बे," रत्नपाल म्हणाला.

आता रत्नपालच्या घरी म्हैस तर सोडाच, कधी कोंबडीही नव्हती. केवळराम उठला. मग आत गेला, बूट घातले आणि जाताना चांद्याचं दावं सोडून हातात घेतलं. तिघं चौकात येतात तो बातमी आधीच पोचलेली. बकाराम काठी घेऊन तयार. मास्तर तयार. शामकलानं पदर खोचलेला. कोणीही विचारलं नाही की म्हैस आली कुठून. एकटा कवडूच खुर्चीत ताठ बसून, कोर्टात विचारावं तसं विचारू लागला. म्हैस दिसते कशी?

रत्नपालनं एवढा विचार केलेला नव्हता. तो म्हणाला, काळी आहे.

कवडूनं मान डोलवली. मग विचारलं, शीळ घातली की वळते का? इथं मात्र रत्नपालनं केवळरामच्या कालच्या फजितीपासून धडा घेतलेला दिसला. तो म्हणाला, "नाई. बहिरी आहे ते."

कवडू समाधानानं मागं टेकला आणि हातानं सगळ्यांना म्हणाला, जा, जा.

शिवरात्रीला गोंदियाच्या डॉक्टरनं केवळरामचा पाय उलटासुलटा करून बघितला, टाचणी टोचली, आणि केवळराम ओरडला तेव्हा डॉक्टर खूष झाला. तलावाच्या पाळीवर पुढं काही वर्षं लोकांनी रोज एक म्हातारा बैल आणि त्याच्यामागं दावं धरून चालणारा केवळराम पाहिला. चांद्या गेला त्याला आता बराच काळ झाला. केवळरामचे दोन्ही पाय जागेवर आहेत, रत्नपालचेही आहेत.

म्हैस मात्र अजून सापडलेली नाही.